वाचक विचारतात : सेल्टिक रॉकचं पहिलं सिंगल

आयर्लंड, स्कॉटलंड आणि फ्रान्समधला ब्रिटनी प्रांत इथल्या लोकधुनांना इलेक्ट्रिक गिटार आणि ड्रम्सची जोड दिली की जे वाजतं, त्याला सेल्टिक रॉक म्हणतात. या महिन्यात ठाणे आणि नवी मुंबईहून आलेली बरीच पत्रं याच विषयावरची आहेत आणि सगळ्यांना घाईही एकच : पहिलं गाणं लवकर बाहेर यावं. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत. उत्तरं मात्र सारख्या लांबीची नाहीत, कारण दुखणी सारखी नाहीत.

प्रश्न : आमचा पाच जणांचा बँड आहे. दोन गिटार, बेस, ड्रम्स, व्हायोलिन. शाळेच्या बँडपथकात हायलँड बॅगपाइप वाजवणारा एक मित्र आता आमच्यात आला आहे. गाणं ए मध्ये आहे, पाइपची धूनही कागदावर ए मध्येच आहे, तरी एकत्र वाजवलं की कान किटतात. ट्यूनर पाइपच्या ए ला बी फ्लॅट दाखवतो आणि काटा त्याच्याही पुढे सरकतो. पाइप बिघडलाय का?
— मानपाडा, ठाणे

उत्तर : पाइप ठणठणीत आहे. हायलँड पाइपवर ज्याला ‘लो ए’ म्हणतात तो स्वर आजकालच्या बहुतेक चँटरवर (बोटांची भोकं असलेल्या नळीवर) ४७० ते ४८० हर्ट्झच्या दरम्यान वाजतो. तुमच्या गिटारचा बी फ्लॅट ४६६ हर्ट्झचा. म्हणजे कागदावर ए असलं तरी कानावर बी फ्लॅटपेक्षा चढा स्वर पडतो. पथकात सगळे पाइप एकाच उंचीचे असतात, त्यामुळे तिथे हे कुणाच्या लक्षात येत नाही.

आता वाटा दोन. पहिली, पाइप खाली आणायचा. कॉन्सर्टसाठी ४६६ हर्ट्झला बसणारे चँटर वेगळे मिळतात, ‘बी फ्लॅट चँटर’ म्हणूनच मागायचे, आणि त्याला जुळणारी रीडही (स्वर काढणारी पातळ पात) त्याच विक्रेत्याकडून घ्यायची. मग बाकीचा बँड नेहमीच्या ४४० वर (ए म्हणजे ४४० हर्ट्झ) राहतो आणि गाणं बी फ्लॅटमध्ये जातं. आहे त्याच चँटरची रीड थोडी वर उचलली की स्वर उतरतो, भोकाच्या वरच्या कडेला टेप लावली की तेवढा एक स्वर उतरतो. पण या दोन्ही युक्त्या पाच-दहा सेंटची डागडुजी करण्यापुरत्याच (१०० सेंट म्हणजे एक अर्धस्वर). तीस सेंट उतरवायला गेलात तर खालचे स्वर एकीकडे आणि वरचे दुसरीकडे जातील.

दुसरी वाट म्हणजे बॅगपाइप म्हणेल ती पूर्व दिशा. पाइप वीस मिनिटं वाजवून गरम करा आणि मग लो ए मोजा. समजा ४७५ आला. तो बी फ्लॅटपेक्षा सुमारे ३२ सेंट चढा आहे. सगळ्यांनी आपापला ट्यूनर ४४० ऐवजी ४४८ वर लावायचा, गिटारला पहिल्या पट्टीवर कॅपो (तारा दाबून धरणारा चाप), आणि बोटं ए चीच ठेवायची. मोजणी ४७८ आली तर ट्यूनर ४५१ वर. कीबोर्ड असेल तर फाइन ट्यून तितकेच सेंट वर. बेसवाल्याने कॅपोच्या नादी न लागता सरळ बी फ्लॅटमध्ये वाजवावं.

खरी पंचाईत व्हायोलिनची होते. या धुना मोकळ्या तारांवर उभ्या असतात, म्हणून मोह होतो की चारही तारा सव्वा अर्धस्वर चढवू. तसं केलं तर तारांवरचा ताण १६-१७ टक्क्यांनी वाढतो. ई ची तार तुटेल, नाहीतर घोडी पुढे झुकेल. ट्यूनर ४४८ वर ठेवून बी फ्लॅटची बोटं बसवणं कष्टाचं आहे खरं, पण वाद्य शाबूत राहतं.

इतकं करूनही एक खटका राहतो. पाइपचे स्वर पेटीसारखे समान भागांत वाटलेले नसतात, ते ड्रोनला (सतत एकच स्वर धरणाऱ्या नळ्यांना) जुळवलेले असतात. त्यामुळे त्याचा सी शार्प गिटारपेक्षा साधारण १४ सेंट उतरलेला असतो. तानपुऱ्यातून ऐकू येणारा स्वयंभू गंधार तो हाच. गिटारवाल्याने त्याखाली पूर्ण मेजर कॉर्ड दाबली की दोन गंधार एकमेकांशी भांडतात. म्हणून पाइप वाजत असेल तेव्हा गंधार गाळा, फक्त षड्ज-पंचम वाजवा. रॉकच्या पॉवर कॉर्डमध्ये नाहीतरी तेवढंच असतं. हे दोन संगीतप्रकार एकमेकांना इतके मानवतात त्याचं अर्धं कारण हे आहे, असं आमचं मत.

आणि पाइपवर स्वर नऊच, लो जी ते हाय ए. त्यांतून बनते ती आपल्या खमाज थाटाची रचना : निषाद कोमल, बाकी सगळं शुद्ध. गाण्याची चाल याबाहेर जात असेल तर पाइपला तिथे गप्प बसवायचं. ‘तेवढा एक स्वर काढ ना’ अशी गळ पाइपवाल्याला घालू नका, तो स्वर त्या लाकडात नाही.

प्रश्न : आम्हाला पाइपवाला मिळत नाही. बासरी, शहनाई चालेल का? बासरी कोणत्या पट्टीची घ्यावी?
— सीवूड्स, नवी मुंबई

उत्तर : बासरी उत्तम चालते, पण पट्टीत सगळे फसतात. आयरिश टिन व्हिसलचं (पत्र्याची छोटी उभी बासरी) नाव सहाही भोकं बंद असतानाच्या स्वरावरून पडतं. आपल्या बासरीचं नाव तीन भोकं बंद असतानाच्या षड्जावरून. त्यामुळे डी व्हिसलच्या धुना वाजवायला डी ची बासरी आणली तर बोटं जुळत नाहीत. तुम्हाला हवी जी ची बासरी : सहाही भोकं बंद केली की डी, आणि पुढे एकेक उघडत गेलं की डी मेजर पूर्ण मिळतो. लांबीला दोन फुटांच्या आसपास असलेली मध्यम जी बासरी आयरिश लो व्हिसलच्या सप्तकात वाजते. साधी टिन व्हिसल त्याच्या निम्म्या लांबीची आणि एक सप्तक वर. इलेक्ट्रिक गिटारच्या भिंतीतून वर यायचं असेल तर छोटीच बरी, लो व्हिसल संथ भागासाठी ठेवा.

वाजवणारा शास्त्रीय शिकलेला असेल तर मींड आवरायला सांगा. या धुनांत स्वर घसरत नाही, तुटतो. एकच स्वर दोनदा आला की मध्ये वरचं बोट क्षणभर उचलून तो कापायचा, किंवा खालचं बोट भोकावर टिचकीसारखं आपटायचं. दोन्ही एकापाठोपाठ केलं की रोल होतो. एवढं आठवडाभर संथ लयीत घोटलं तरी बासरीचा बाज बदलतो.

शहनाईबद्दल बिचकू नका. ब्रिटनीतलं बॉम्बार्ड हे दुहेरी रीडचंच वाद्य आहे आणि ते रॉकमध्ये सर्रास वाजतं. शिवाय शहनाईवाला फुंकीने आणि ओठांनी स्वर वळवू शकतो, म्हणून ट्यूनिंगची काळजी कमी. माइक मात्र तोंडाशी नको, चार फूट लांब, वाद्याच्या कर्ण्याच्या रेषेपासून जरा बाजूला.

काहीच नसेल तर गिटार आहे. स्टुअर्ट अॅडमसन यांच्या बिग कंट्री या स्कॉटिश बँडने १९८३ मध्ये गिटारमधूनच पाइपचा भास उभा केला, ई-बो (तार अखंड कंपत ठेवणारं छोटं यंत्र) आणि पिच बदलणारी यंत्रं वापरून. तुम्ही असं करा : डी ची तार मोकळी सतत वाजत ठेवायची, चाल तिच्या शेजारच्या एकाच तारेवर, आघात कमी व्हावा म्हणून पिकऐवजी बोट, पुढे कॉम्प्रेसर, मग मध्यम डिस्टॉर्शन. डिस्टॉर्शन भरपूर केलं तर चालीचे स्वर चिकटतात आणि सगळी मेहनत पाण्यात.

प्रश्न : जिग क्लिकवर (मेट्रोनोमच्या टिकटिकीवर) वाजवताना पूर्ण बँड सुटतो. सॉफ्टवेअरमध्ये १२० टाकलं की गाणं रांगतं, आणि क्लिकशिवाय वाजवलं की पळतं.
— एक ड्रमर, कळवा

उत्तर : जिग हा आयरिश नाचाच्या धुनेचा प्रकार सहा-आठचा, म्हणजे दादऱ्यासारखे तीन-तीनचे दोन गट. तुमच्या डोक्यातले १२० ठोके हे गटांचे आहेत, मिनिटाला १२० गट. बरीच रेकॉर्डिंग सॉफ्टवेअर मात्र टेम्पो क्वार्टर नोटमध्ये मोजतात आणि एका गटात दीड क्वार्टर असतात. म्हणून १२० ला दीडने गुणा आणि सॉफ्टवेअरमध्ये १८० टाका. क्लिकचा आवाज मात्र दर क्वार्टरला ठेवू नका, तो गटांना आडवा जातो. गटाच्या पहिल्या मात्रेवर मोठा टोल आणि उरलेल्या दोन मात्रांवर बारीक टिकटिक, असा क्लिक बनवून घ्या. त्या बारीक टिकटिकीशिवाय ड्रमर गटाच्या मध्यात घाई करतो.

ठेका : किक पहिल्या मात्रेवर, स्नेअर चौथ्यावर, हाय-हॅट १-३-४-६ वर. सहाही मात्रा हाय-हॅटवर वाजवल्या तर शिवणयंत्र चालल्यासारखं वाटतं. व्हायोलिनवाला गटातली पहिली मात्रा किंचित लांबवतो. संगणकावर ‘क्वांटाइझ’ करून ती सरळ करू नका, जिगचा जीवच तिथे असतो.

गाण्यात जिगवरून रीलवर (नाचाच्या धुनेचा दुसरा प्रकार) उडी मारणार असाल तर आधी हिशेब करा. जिगच्या एका गटात तीन स्वर, रीलच्या एका ठोक्यात चार. ठोका ११६ चा तसाच ठेवला तर चाल वाजवणाऱ्याची बोटं मिनिटाला ३४८ वरून एकदम ४६४ स्वरांवर जातात. ड्रमरला काही वेगळं वाटत नाही, आणि व्हिसलवाला पहिल्या चार मापांतच अडखळतो. रील १०४ ते १०८ वर आणा. ऐकणाऱ्याला तरीही वेग वाढल्यासारखाच वाटतो. सॉफ्टवेअरमध्ये रीलसाठी ठोक्याच्या दुप्पट आकडा टाकायचा, १०८ साठी २१६.

प्रश्न : ऐरोलीत राहतो. जूनपासून बोधरान (काठीने वाजवायचा आयरिश डफ) ढिलं पडतं, थप्प-थप्प आवाज येतो. हलगीसारखं शेकवावं का?
— ऐरोली

उत्तर : विस्तवावर नको. बोधरानची कडी चार-सहा इंच खोल, चामडं चिकटवलेलं, आचेने ते चिकटवण सुटतं. हेअर ड्रायर मंद आचेवर, अर्ध्या फुटावरून, आतल्या बाजूने, हात फिरता ठेवून दोन मिनिटं. खाचेत बसवलेले स्क्रू असतील तर अॅलन कीने समोरासमोरचे स्क्रू आळीपाळीने पाव-पाव फेरा. वाजवून झालं की स्क्रू पुन्हा सैल करा, नाहीतर कोरड्या हवेत चामडं फाटतं. एसी स्टुडिओत पाऊल टाकताच ट्यून करू नका. तिथल्या कोरड्या हवेत चामडं आपोआप आवळत जातं, तीस-चाळीस मिनिटं ते खोलीत नुसतं पडू द्या.

रेकॉर्डिंगला दोन माइक. मागचा कडीच्या तोंडाशी, हात ज्या बाजूला नाही तिकडे, घुमारा पकडायला. पुढचा काठीची टकटक पकडायला. दोन्ही चामड्याच्या दोन बाजूंना असल्याने एकाची पोलॅरिटी (ध्वनितरंगाची दिशा) उलटी करायची, विसरलात तर खर्ज गायब होतो आणि लोक वाद्याला दोष देतात.

प्रश्न : स्टुडिओ बुक करायचा आहे. आधी काय रेकॉर्ड करावं? आणि घरी सोसायटीत पाइपचा सराव करता येतो का?
— वाशी

उत्तर : दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो : नाही. निवासी भागात दिवसाची ध्वनिमर्यादा ५५ डेसिबल, रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत ४५. पाइप जवळून ११० च्या आसपास जातो. बोटांचा सराव प्रॅक्टिस चँटरवर करा, तो साधारण सनईच्या पिपाणीइतकाच वाजतो. पूर्ण वाद्य घ्यायचं ते वागळे इस्टेट किंवा रबाळे-महापे पट्ट्यातल्या गाळ्यातली जॅम रूम घेऊन, आणि कानात इअरप्लग घालून. बंद खोलीत तासभर उघड्या कानांनी पाइपसमोर बसणं म्हणजे कानांचं नुकसान ओढवून घेणं.

आता क्रम. नेहमीच्या रॉक बँडमध्ये ड्रम्स, बेस, गिटार, आणि शेवटी इतर वाद्यं. इथे तसं केलंत तर शेवटच्या दिवशी पाइपवाला येतो, एसीच्या गारव्यात पाइप दहा सेंट उतरलेला निघतो आणि आधीचं सगळं फुकट. तुमचा क्रम असा : क्लिक आणि कच्चं गाईड, मग ड्रम्स, लगेच पाइप, आणि नंतर बाकीच्यांनी रेकॉर्ड झालेल्या पाइपला कान लावून ट्यून करायचं. ड्रम्सना ट्यूनिंगचं सोयरसुतक नाही म्हणून ते आधी. बाकी सगळे पाइपनंतर.

कारण हवेचं आहे. फुंकीच्या वाद्याचा स्वर तापमान एक अंश वाढलं की सुमारे तीन सेंट चढतो, आणि तार उष्णतेने सैल पडून उतरते. म्हणजे एसी बंद करून खोली तापली की दोघं विरुद्ध दिशांना पळतात. एसी २५-२६ वर ठेवा, टेकच्या वेळीच बंद करा, दर टेकनंतर लो ए मोजून कागदावर लिहा. पाच सेंटच्या वर फरक गेला की थांबा. पाइपवाल्याला सलग वीस-पंचवीस मिनिटांपेक्षा जास्त वाजवायला लावू नका. आपल्याकडच्या दमट हवेत पिशवीतलं पाणी रीडवर जातं, वेताची रीड फुगते, ड्रोन अचानक बंद पडतो. ड्रोनला सिंथेटिक रीड आणि पिशवीत पाणी अडवणारी नळी असेल तर हा ताप बराच कमी.

चँटर आणि ड्रोन वेगवेगळे घ्या. एकदा ड्रोनला बुचं लावून नुसता चँटर, एकदा चँटरचं तोंड बंद करून नुसते ड्रोन, दोन-तीन मिनिटं अखंड. मिक्सिंगमध्ये याचे उपकार कळतात. लो ए ४७५ असेल तर दोन टेनर ड्रोन २३७ च्या आसपास आणि बेस ड्रोन ११९ वर असतो, म्हणजे नेमका बेस गिटारच्या अंगणात. वेगळा ट्रॅक असेल तर ड्रोनचा ११९ भोवतीचा भाग चार-पाच डेसिबलने दाबता येतो. एकत्र घेतलं असेल तर चँटरही पातळ होतो.

माइक छोट्या डायफ्रॅमचा कंडेन्सर, १० डेसिबलचा पॅड चालू, दीड ते दोन मीटर लांब, वाजवणाऱ्याच्या छातीच्या उंचीवर. चँटरला चिकटवून माइक लावला की बोटांची टकटक आणि एखादाच स्वर मोठा येतो. २४ बिट, ४८ किलोहर्ट्झ, पातळी शिखराला उणे १० च्या आसपास. पाइपला लहान-मोठा आवाज काढता येत नाही, त्यामुळे एकदा लावलेली पातळी बदलावी लागत नाही. ही एकच गोष्ट तो इंजिनिअरला सोपी करून देतो.

पण त्याच गुणामुळे मांडणी अवघड होते. पाइपला श्वास नाही, विराम नाही, हळू नाही. पहिल्या मापापासून वाजवला तर दीड मिनिटात ऐकणारा थकतो. गायक गात असताना पाइप पूर्ण बंद, किंवा फार तर ड्रोन. चँटरचा कर्कश भाग २ ते ४ किलोहर्ट्झमध्ये असतो आणि गायकाचे शब्दही तिथेच असतात. साधारण साडेतीन मिनिटांच्या गाण्यात पाइप दोनदा आणा : पहिल्या ध्रुवपदानंतर आठ-सोळा मापं, आणि शेवटी. सुरुवातीची पिशवी दाबतानाची घरघर कापून टाकू नका, तिच्यावरच ड्रम्सचा रोल टाकला की प्रवेश खुलतो.

प्रश्न : आयरिश गाण्याच्या चालीवर मराठी शब्द लिहिले आहेत. चाल जुनीच आहे, परवानगी लागेल का?
— कोपरी, ठाणे

उत्तर : चाल खरंच जुनी आहे का ते आधी तपासा. पबमध्ये सगळे गातात म्हणून ती पारंपरिक ठरत नाही. ‘डर्टी ओल्ड टाउन’ ऐकायला शंभर वर्षांचं वाटतं, पण ते इवान मॅकॉल यांनी १९४९ मध्ये लिहिलं. मॅकॉल १९८९ मध्ये गेले. भारतीय कायद्यात मुदत मृत्यूनंतर ६० वर्षांची, म्हणजे २०४९ संपेपर्यंत हात लावता येत नाही. ‘फील्ड्स ऑफ अॅथनराय’ तर १९७० च्या दशकातलं, पीट सेंट जॉन यांचं.

इथे बरेच जण म्हणतात, आम्ही कव्हर करतोय, रॉयल्टी भरू. कॉपीराइट कायद्याचं कलम ३१ सी कव्हरला वाट देतं, पण मूळ रेकॉर्डिंगच्या वर्षानंतर पाच वर्षं उलटलेली हवीत, आगाऊ नोटीस हवी, किमान ५०,००० प्रतींची रॉयल्टी हवी, आणि मूळ रचनेत फेरफार नको. मराठी शब्द घातले की ते कव्हर राहत नाही, रूपांतर होतं. त्याला हक्कधारकाची थेट लेखी परवानगीच लागते.

चाल निर्विवाद पारंपरिक असेल तर मोकळे आहात. तरी दुसऱ्या बँडच्या रेकॉर्डिंगवरून चाल उचलताना त्यांनी घातलेला नवा रिफ किंवा मधला तुकडा सोबत येत नाही ना, ते पाहा. मूळ धून जुन्या स्वरलिपीच्या संग्रहातून घेतलेली बरी. श्रेयात ‘चाल : पारंपरिक, शब्द : अमुक, संयोजन : बँड’ असं स्पष्ट लिहा. उगाच ‘संगीत’ म्हणून स्वतःचं नाव टाकलंत तर उद्या कुणीतरी तीच चाल लावून दाखवेल.

आणि गाणं बाहेर पडायच्या आधी आपसांतल्या टक्केवारीचा एक कागद करून सगळ्यांच्या सह्या घ्या. मैत्रीत कसला कागद, असं म्हणणाऱ्याची सही सर्वांत आधी घ्या. गीतकार आणि संगीतकाराने आयपीआरएसचं (गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी संस्था) सदस्यत्व घेऊन रचना नोंदवावी. कंपनीशी करार करणार असाल तर लक्षात ठेवा, २०१२ च्या दुरुस्तीनंतर गीतकार-संगीतकाराला रॉयल्टीतला समान वाटा कंपनीला लिहून देता येत नाही, तसा मजकूर करारात असला तरी.

प्रश्न : मोठ्या बँडची पहिली सिंगल्स गाजली होती का? आमच्यात यावरून वाद आहे.
— नेरूळ

उत्तर : थिन लिझीचं पहिलं सिंगल ‘द फार्मर’ १९७० मध्ये आयर्लंडमध्ये निघालं. ५०० प्रती काढल्या होत्या, विकल्या गेल्या २८३. ‘व्हिस्की इन द जार’ या पारंपरिक गाण्याने त्यांना १९७३ मध्ये ब्रिटनच्या यादीत सहावं स्थान मिळवून दिलं, ते नंतर. डब्लिनच्या हॉर्सलिप्सने १९७२ मध्ये ‘जॉनीज वेडिंग’ स्वतःच्याच ओट्स या लेबलवर काढलं, कुणाची वाट न पाहता. पोग्ज बँडचं ‘डार्क स्ट्रीट्स ऑफ लंडन’ही १९८४ मध्ये आधी त्यांनी स्वतःच काढलं, तेव्हा बँडचं नाव पोग महोन होतं. वाद तुम्हीच मिटवा.

प्रश्न : १७ मार्चला, सेंट पॅट्रिक्स डेला गाणं आणायचं आहे. किती आधी अपलोड करावं? मास्टर किती जोरात ठेवावं?
— घोडबंदर रोड, ठाणे

उत्तर : वितरकाकडे (गाणं स्ट्रीमिंग अॅपवर पोचवणारी कंपनी) किमान चार आठवडे आधी, म्हणजे फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत. स्पॉटिफायच्या संपादकांना गाणं सुचवायचं तर ते प्रदर्शनाच्या किमान सात दिवस आधी त्यांच्या यंत्रणेत पोचलेलं हवं, आणि त्याआधी वितरकाची तपासणी होते. १५ मार्चला अपलोड करणं म्हणजे वरातीमागून घोडं. त्या दिवशी जगभरातले आयरिश बँड आपापली गाणी पुढे करतात, तेव्हा नव्या बँडने मार्चचा पहिला शुक्रवार धरावा आणि १७ तारखेला त्याचा व्हिडिओ टाकावा, असं आम्ही सुचवू.

मुखपृष्ठ ३००० बाय ३००० पिक्सेल, त्यावर संकेतस्थळाचा पत्ता किंवा फोन नंबर नको, त्यावरून मुखपृष्ठं परत येतात. गाण्याची भाषा मराठी निवडा. बँडचं नाव देवनागरीत की रोमनमध्ये हे एकदाच ठरवा, दुसऱ्या गाण्याला स्पेलिंग बदललं तर दोन वेगळे कलाकार तयार होतात. आयएसआरसी, म्हणजे रेकॉर्डिंगचा ओळख क्रमांक, वितरक देतो, तो जपून ठेवा. पुढे वितरक बदलला तरी क्रमांक तोच वापरायचा, नाहीतर आधीचे स्ट्रीम तुटतात.

मास्टर उणे १४ एलयूएफएसच्या (गाण्याचा सरासरी जोर मोजायचं माप) आसपास, ट्रू पीक (आवाजाचं सर्वांत उंच शिखर) उणे १ च्या खाली. रॉकसाठी उणे ११-१२ पर्यंत गेलात तरी हरकत नाही, मग पीक उणे २ ठेवा. स्पॉटिफाय ते खाली ओढतंच. पाइप असलेलं गाणं लिमिटरने (शिखरं कापणाऱ्या यंत्रणेने) चेपलं तर पाइप तसाच राहतो आणि ड्रम्सच दबतात, कारण शिखरं ड्रम्सची असतात. मास्टर करून झाल्यावर मोबाइलच्या स्पीकरवर ऐका. ड्रोन अजिबात ऐकू येत नसेल तर त्याचा ४०० ते ८०० हर्ट्झचा भाग थोडा वाढवा, खालचा नाही.

पहिला स्वर लवकर येऊ द्या. स्पॉटिफायवर ३० सेकंद ऐकलं तरच तो स्ट्रीम धरला जातो, आणि वर्षभरात १,००० स्ट्रीम झाल्याशिवाय त्या गाण्याचे पैसे सुरू होत नाहीत. चाळीस सेकंदांचा धुक्यातला ड्रोन आल्बमसाठी ठेवा. पाइपचे तुकडे तयार सँपल-पॅकमधून घेतले असतील तर यूट्यूबच्या कंटेंट आयडीला (इतरांच्या व्हिडिओंत तुमचं रेकॉर्डिंग शोधणारी यंत्रणा) गाणं जोडू नका. तेच तुकडे वापरलेल्या इतरांच्या गाण्यांवर तुमचा दावा जातो, वाद सुरू होतो आणि वितरक खातंच गोठवू शकतो.